ब्रेकच्या झिजलेल्या पट्ट्या : तपासणी आणि बदल

रायपूर रेल्वे स्थानकाच्या पलीकडील बाजूस गुढियारी ही दाट वस्ती आहे. ठोक व्यापाराची बाजारपेठ म्हणून ती शहरात ओळखली जाते. तेथील रस्त्यांवर हातगाड्या, सायकली, मालाने भरलेले टेम्पो, पायी जाणारी माणसे आणि कुटुंबांच्या लहान मोटारी एकाच वेळी वाट काढीत असतात. अशा रस्त्यावर मोटारीला वेग घेता येत नाही. तिला थांबावे मात्र पुनःपुन्हा लागते. खुल्या महामार्गावर शंभर किलोमीटर धावणाऱ्या मोटारीच्या चालकाला ब्रेक जितक्या वेळा दाबावा लागतो, त्याहून अधिक वेळा तो बाजारातून घरी येताना काही किलोमीटरांत दाबला जातो. म्हणून मोटार किती किलोमीटर चालली, एवढ्यावरून तिच्या ब्रेकची अवस्था कळत नाही.

हीच मोटार वर्षातून एकदोनदा लांबच्या प्रवासालाही निघते. कधी ती राजनांदगाव, साकोली, भंडारा या मार्गाने नागपूरला जाते, तर कधी बस्तरचा दसरा पाहण्यासाठी धमतरी, कांकेर, केशकाल, कोंडागाव असा सुमारे तीनशे किलोमीटरांचा रस्ता कापून जगदलपूरला पोहोचते. जगदलपूरच्या वाटेवर केशकालचा वळणावळणांचा घाट आहे. जाताना तो चढावा लागतो आणि परत येताना, म्हणजे गाडी भरलेली आणि माणसे थकलेली असताना, तो उतरावा लागतो. गुढियारीच्या गर्दीत वर्षभर झिजलेल्या ब्रेकची खरी परीक्षा त्या उतारावर होते. ही परीक्षा ब्रेकने द्यावी असे वाटत असेल, तर मालकाने ती आधी घराच्या अंगणात घेतलेली बरी. ती कशी घ्यावी आणि पट्ट्या झिजल्याचे आढळल्यास त्या कशा बदलाव्यात, याचा विचार या प्रकरणात केला आहे.

झिजण्यासाठीच बनविलेला भाग

मोटारीतील बहुतेक भाग झिजू नयेत म्हणून त्यांना तेल किंवा वंगण दिले जाते. ब्रेकची पट्टी, जिला सर्वजण ब्रेक पॅड म्हणतात, ती याला अपवाद आहे. ती झिजावी याच हेतूने बनविलेली असते. ती स्वतः झिजते म्हणून तिच्याहून महाग आणि कठीण असलेली लोखंडी तबकडी दीर्घकाळ टिकते.

या कल्पनेचा इतिहास मोटारीच्या इतिहासाइतकाच जुना आहे. १८८८ च्या ऑगस्ट महिन्यात जर्मनीतील बेर्टा बेंझ या स्त्रीने आपल्या दोन किशोरवयीन मुलांना बरोबर घेऊन, पतीला न सांगता, त्याने बनविलेल्या मोटारीतून मानहाइमपासून फोर्झहाइमपर्यंतचा शंभरहून अधिक किलोमीटरांचा प्रवास केला. मोटारीने केलेला हा पहिला लांबचा प्रवास मानला जातो. तो कुटुंबाचाच प्रवास होता, ही गोष्ट येथे विशेष लक्षात घेण्यासारखी आहे. वाटेतील उतारांवर ब्रेकचे लाकडी ठोकळे झिजत चालले, तेव्हा बेर्टा बेंझने एका गावातील चर्मकाराकडून त्यांवर चामड्याचे तुकडे ठोकून घेतले. ठोकळा न झिजता त्यावरील बदलता येणारे आवरण झिजावे, ही आजच्या ब्रेक पॅडमागील कल्पना त्या दिवशी प्रत्यक्षात आली.

पुढे १८९७ मध्ये इंग्लंडमधील हर्बर्ट फ्रूड याने ब्रेकची आवरणे तयार करण्याचा स्वतंत्र उद्योग सुरू केला. १९०२ मध्ये फ्रेडरिक लँचेस्टर याने तबकडीच्या ब्रेकचे पेटंट घेतले. परंतु त्याच्या ब्रेकमध्ये तांब्याचे आवरण लोखंडी तबकडीवर घासत असल्यामुळे फार कर्कश आवाज होत असे. तबकडीच्या ब्रेकला खरी प्रतिष्ठा १९५३ मध्ये मिळाली. त्या वर्षी फ्रान्समधील ल माँ येथील चोवीस तासांची शर्यत तबकडीचे ब्रेक बसविलेल्या जॅग्वार मोटारीने जिंकली. भारतात मात्र ड्रमचे ब्रेक पुष्कळ काळ चालू राहिले. मुंबईच्या कुर्ला येथील कारखान्यात तयार होणाऱ्या प्रीमियर पद्मिनीच्या चारही चाकांना ड्रमचे ब्रेक असत. नंतरच्या काळात पुढील चाकांना तबकडी आणि मागील चाकांना ड्रम ही रचना लहान मोटारींत सर्वत्र रूढ झाली आणि ती आजही पुष्कळ मोटारींत आढळते. पुढील विवेचन मुख्यतः पुढच्या चाकांच्या पट्ट्यांविषयी आहे. ब्रेक लावताच गाडीचा भार पुढे झुकतो आणि थांबविण्याच्या कामाचा मोठा वाटा पुढील चाकांवर येतो; त्यामुळे त्यांच्याच पट्ट्या प्रथम झिजतात.

ब्रेक काय करतो

चाकाबरोबर लोखंडाची एक तबकडी फिरत असते. तिच्या दोन्ही बाजूंस एकेक पट्टी असून त्या पट्ट्या कॅलिपर नावाच्या, चिमट्यासारख्या भागात बसविलेल्या असतात. चालकाने पेडल दाबले की मुख्य सिलिंडरातील द्रवावर दाब येतो. बंद भांड्यातील द्रवावर दिलेला दाब सर्व दिशांना सारखाच पोहोचतो, हा पास्कलचा नियम शाळेत सर्वांनी शिकलेला असतो. त्या नियमानुसार हा दाब नळ्यांतून कॅलिपरपर्यंत जातो, तेथील दट्ट्या पुढे सरकतो आणि दोन्ही पट्ट्या तबकडीला आवळून धरतात.

घर्षणाने वेग नाहीसा होतो, परंतु ऊर्जा नाहीशी होत नाही; तिची उष्णता होते. एक हजार किलोग्रॅम वजनाची मोटार ताशी ६० किलोमीटर वेगाने जात असताना तिच्यात सुमारे १३९ किलोज्यूल इतकी गतिज ऊर्जा असते. एवढ्या उष्णतेने सुमारे ४०० ग्रॅम, म्हणजे दोन पेले, साध्या पाण्याला उकळी येऊ शकेल. वेग ताशी १०० किलोमीटर असेल तर ही ऊर्जा दुप्पट नव्हे, तर पावणेतीन पटींहून थोडी अधिक होते, कारण ती वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. घाटाचा हिशेब याहून कठोर आहे. माणसे आणि सामान धरून १,३०० किलोग्रॅम भरणारी मोटार शंभर मीटर उंची उतरते, तेव्हा मुक्त होणारी ऊर्जा तीच मोटार ताशी ६० किलोमीटरांवरून सात वेळा पूर्ण थांबविण्याइतकी असते. इंजिनाने आणि हवेच्या विरोधाने यांतील काही भाग उचलला नाही, तर ती सर्व उष्णता तबकडीला आणि पट्ट्यांनाच सोसावी लागते.

पट्टी जाड असते तोवर ती ही उष्णता दट्ट्यापासून आणि त्यामागील द्रवापासून दूर ठेवते. ती पातळ झाली की उष्णता द्रवापर्यंत लवकर पोहोचते. द्रव उकळला तर त्यात वाफेचे बुडबुडे होतात. द्रव दाबला जात नाही, वाफ मात्र दाबली जाते; म्हणून पेडल मऊ होऊन खाली जाते आणि चाकापर्यंत दाब पोहोचत नाही. पट्टी झिजल्याने केवळ पट्टी संपते असे नाही, तर तिच्या पाठीमागची सर्व यंत्रणा उघडी पडते.

झीज लक्षात का येत नाही

जुन्या पद्धतीच्या, हाताने जुळवून घ्याव्या लागणाऱ्या ड्रम ब्रेकमध्ये आवरण झिजले की पेडल अधिक खाली जाऊ लागे. चालकाच्या पायालाच झिजेची वार्ता कळे आणि तो गाडी मिस्त्रीकडे नेई. तबकडीच्या ब्रेकमध्ये ही सूचना मिळत नाही. पट्टी जितकी झिजते, तितका दट्ट्या आपोआप पुढे येऊन राहतो. त्यामुळे पट्टी नवी असो वा जवळजवळ संपलेली असो, पेडल जवळपास त्याच उंचीवर दाब धरते. जी सुधारणा चालकाच्या सोयीसाठी झाली, तिनेच त्याच्या पायाला मिळणारी सूचना काढून घेतली. ब्रेक उत्तम लागतो, म्हणून पट्ट्या उत्तम असल्या पाहिजेत, हा तर्क येथे टिकत नाही.

तरीही काही खुणा उरतात. द्रवाच्या टाकीतील पातळी हळूहळू उतरते, कारण पुढे सरकलेल्या दट्ट्यामागील जागा द्रवाने भरून निघते. पुष्कळ पट्ट्यांना पोलादाची एक लहान जिभली लावलेली असते. पट्टी ठराविक मर्यादेपर्यंत झिजली की ही जिभली तबकडीला टेकते आणि चालत्या गाडीतून बारीक, चिरका आवाज येऊ लागतो. पावसाळ्यात रात्रभर उभ्या असलेल्या गाडीचा ब्रेक सकाळी पहिल्या दोनचार वेळा खरखरतो. तो तबकडीवरील ओलसर गंजाचा आवाज असून तो लगेच थांबतो. चिरका आवाज मात्र दिवसभर टिकतो. याहून पुढची अवस्था म्हणजे लोखंडावर लोखंड घासल्याचा घरघराट. तो ऐकू आला, तर पट्टी संपून तिची पोलादी पाठ तबकडीला खरवडीत आहे असे समजावे आणि गाडी चालविणे तेथेच थांबवावे.

गुढियारीच्या उत्तरेकडील उरला व सिलतरा येथील कारखान्यांचा धुरळा, रस्त्यांची धूळ आणि नवतप्याच्या दिवसांतील कडक ऊन यांचाही विचार करावा लागतो. धुळीचे कण पट्टी आणि तबकडी यांच्यामध्ये सापडले की पॉलिश पेपरासारखे काम करतात. ज्या खिळींवर कॅलिपर मागेपुढे सरकतो, त्यांवरील वंगण धूळ आणि उष्णता यांमुळे सुकते, कॅलिपर अडकतो आणि एकच पट्टी एकसारखी घासत राहते. ब्रेकचा आवाज नसतानाही तपासणी करावयाची, ती याच कारणासाठी.

तपासणी

सर्वसाधारण वापरात दर दहा हजार किलोमीटरांनी किंवा वर्षातून एकदा, आणि घाटाच्या प्रवासापूर्वी निश्चितपणे, पट्ट्या पाहाव्यात. पुष्कळ मोटारींत स्टिअरिंग पूर्ण वळवून, चाकाच्या फटीतून विजेरीच्या प्रकाशात बाहेरची पट्टी दिसते. परंतु तेवढ्यावर समाधान मानू नये. कॅलिपर अडकला असेल तर आतील पट्टी बाहेरील पट्टीहून पुष्कळ अधिक झिजलेली असू शकते आणि ती चाक उतरविल्याशिवाय नीट दिसत नाही.

मोजावयाचे ते केवळ घर्षण करणाऱ्या थराचे. त्यामागील पोलादी पत्रा त्यात धरावयाचा नाही. लहान मोटारीच्या नव्या पट्टीत हा थर साधारणपणे १० मिलिमीटर जाड असतो. तो ३ मिलिमीटरांवर आला की पट्टी बदलावी, असा सर्वत्र चालणारा व्यवहारी नियम आहे. गाडीच्या पुस्तिकेत वेगळा आकडा दिला असेल तर तोच प्रमाण मानावा. काही पुस्तिकांतील आकडा पाठीच्या पत्र्यासह असतो, हेही पाहून घ्यावे. चार मिलिमीटर उरले आहेत आणि पुढील आठवड्यात केशकालचा घाट उतरावयाचा आहे, अशा वेळी ३ मिलिमीटरांची वाट पाहण्यात शहाणपण नाही.

याच वेळी तबकडीही पाहावी. तिच्यावर नखाला लागतील अशा खोल चऱ्या आहेत काय, काठाशी उंच कड उरली आहे काय, कोठे तडा किंवा जळाल्याचा निळसर डाग आहे काय, हे तपासावे. तबकडीची किमान जाडी बहुधा तिच्यावरच कोरलेली असते. मापन त्या आकड्याखाली गेले, तर नव्या पट्ट्या घालून भागत नाही. तबकडीही बदलावी लागते. कॅलिपरच्या रबरी आवरणाला चिरा पडल्या असतील किंवा आसपास ओलसर डाग दिसत असतील, तर द्रव गळत आहे असे समजून पुढील काम अनुभवी मिस्त्रीवर सोपवावे.

बदलाची पूर्वतयारी

एका आसाच्या दोन्ही चाकांच्या पट्ट्या नेहमी एकत्र बदलाव्यात. एका बाजूची पट्टी नवी आणि दुसऱ्या बाजूची जुनी ठेवली, तर ब्रेक लावताच गाडी एकीकडे ओढली जाण्याचा संभव असतो. पट्ट्या त्याच मोटारीच्या नमुन्यासाठी बनविलेल्या व विश्वासाच्या दुकानातून पावतीसह घेतलेल्या असाव्यात. जुनी पट्टी दुकानात नेऊन आकार ताडून पाहिल्यास अर्धे काम टाकून पुन्हा बाजारात जाण्याची वेळ येत नाही.

साहित्य फारसे लागत नाही. चाकाचा पाना, योग्य मापाचे पाने, जॅक, गाडीचा भार पेलणारे दोन लोखंडी स्टँड, दट्ट्या मागे दाबण्यासाठी शिकंजा, मजबूत तार, तारेचा ब्रश, स्वच्छ कापड आणि ब्रेकसाठीच बनविलेले, उष्णता सोसणारे वंगण एवढे पुरे होते. जमीन मात्र सपाट आणि टणक असली पाहिजे. गुढियारीसारख्या वस्तीत घरासमोरचा रस्ता अनेकदा उताराचा असतो आणि तेथून माणसांची ये-जा चालू असते. अशा ठिकाणी हे काम करू नये. गाडीखाली मुले जाणार नाहीत, अशी बंद जागा निवडावी.

जुन्या पट्ट्यांत पूर्वी अॅस्बेस्टॉस वापरीत असत. त्याची धूळ फुप्फुसांना घातक असते. नव्या पट्ट्यांत ते सहसा नसले, तरी जुन्या गाडीवर पूर्वी कोणती पट्टी बसविली होती हे सांगता येत नाही. म्हणून ब्रेकवरील काळी धूळ फुंकून किंवा हवेच्या झोताने उडवू नये. ती ओल्या कापडाने पुसून घ्यावी आणि ते कापड पिशवीत बांधून टाकून द्यावे.

प्रत्यक्ष काम

गाडी थंड होऊ द्यावी. हातब्रेक ओढून गाडी पहिल्या गिअरमध्ये ठेवावी आणि मागील चाकांना पुढून व मागून ठोकळे लावावेत. चाक जमिनीवर असतानाच त्याचे नट थोडे सैल करावेत. नंतर पुस्तिकेत दाखविलेल्या जागी जॅक लावून गाडी उचलावी आणि लगेच स्टँडवर टेकवावी. केवळ जॅकवर उभ्या असलेल्या गाडीखाली हात किंवा डोके कधीही घालू नये. काढलेले चाक गाडीच्या कडेखाली आडवे सरकवून ठेवावे. स्टँड घसरलाच तर तो शेवटचा आधार ठरतो.

एका वेळी एकच बाजू उघडावी. दुसरी बाजू जोडलेली असली की कोणता भाग कसा बसतो, हे तिच्याकडे पाहून पडताळता येते. स्टिअरिंग वळविले की कॅलिपरची मागील बाजू हाताशी येते. पुष्कळ लहान मोटारींत कॅलिपरची खालची खीळ काढल्यावर तो बिजागरीसारखा वर उचलता येतो. काहींत दोन्ही खिळी काढून तो सुटा करावा लागतो. सुटा केलेला कॅलिपर तारेने वर बांधून ठेवावा. तो रबरी नळीवर लोंबकळत राहिला तर नळीला आतून इजा होते आणि ती बाहेरून दिसत नाही. यानंतर कॅलिपर बाजूला आहे तोपर्यंत कोणीही पेडल दाबू नये, अन्यथा दट्ट्या बाहेर निघून येतो.

जुन्या पट्ट्या काढताना आतली कोणती, बाहेरची कोणती, आवाज देणारी जिभली कोणत्या टोकास होती आणि पातळ पत्रे कसे बसले होते, याची नोंद कागदावर करावी. पट्टी ज्या खाचांत सरकते, त्या ब्रशने स्वच्छ कराव्यात. रॉकेल, डिझेल किंवा वंगणतेल यांनी ब्रेकचा कोणताही भाग पुसू नये, कारण त्यांचा अंश मागे राहतो आणि पट्टी ते शोषून घेते. कॅलिपरच्या खिळी हाताने सरकवून पाहाव्यात. त्या अडत असतील तर बाहेर काढून पुसाव्यात, थोडे वंगण लावावे आणि रबरी टोप्या नीट बसवाव्यात. हे एक काम टाळले, तर नव्या पट्ट्याही जुन्यांप्रमाणेच वेड्यावाकड्या झिजतील.

आता दट्ट्या मागे न्यावयाचा असतो, कारण नवी पट्टी जाड असल्याने तिला जागा हवी. प्रथम द्रवाच्या टाकीचे झाकण स्वच्छ पुसून उघडावे. पातळी खाली गेली म्हणून मधल्या काळात कोणी वरून द्रव घातला असेल, तर दट्ट्या मागे जाताना तो ओसंडून वाहतो आणि गाडीचा रंग उखडतो; म्हणून आवश्यक तेवढा द्रव आधीच काढून घ्यावा. जुनी पट्टी दट्ट्यावर ठेवून शिकंजा अगदी सावकाश आवळावा. दट्ट्या सरळ आणि सहज मागे गेला पाहिजे. तो अडला तर बळजबरी करू नये. तसा अडणे हे बिघाडाचे लक्षण होय.

नव्या पट्ट्या बसविताना घर्षणाच्या बाजूस तेलकट हात लावू नये. वंगण लावावयाचे ते पट्टीच्या पाठीवर आणि खाचांत बसणाऱ्या टोकांवर, तेही पुसटसे. पट्ट्या बसल्यावर कॅलिपर खाली आणून खिळी पुस्तिकेत दिलेल्या जोराने आवळाव्यात. चाक बसवून नट समोरासमोर, आलटून पालटून घट्ट करावेत. गाडी जमिनीवर आल्यावर ते पुन्हा एकदा आवळावेत. नंतर हाच क्रम दुसऱ्या बाजूस करावा.

सर्वांत महत्त्वाची पायरी

येथे काम पूर्ण झाल्यासारखे वाटते. वस्तुतः अपघाताचा सर्वांत मोठा संभव याच क्षणी असतो. दट्ट्या पूर्ण मागे गेलेला असल्यामुळे पट्टी आणि तबकडी यांच्यामध्ये मोकळी जागा राहिलेली असते. या अवस्थेत पेडल पहिल्यांदा दाबले तर ते विनाविरोध तळाशी जाते आणि ब्रेक मुळीच लागत नाही. गाडी सुरू करून ती अंगणातून गल्लीत आणणाऱ्या माणसाला ही गोष्ट समोर कोणीतरी आल्यावरच कळते. म्हणून इंजिन सुरू करण्यापूर्वी पेडल सावकाश, पुनःपुन्हा दाबावे. काही वेळा दाबल्यावर ते घट्ट लागू लागते. ते घट्ट झाल्यावाचून गाडीची किल्ली कोणाच्या हाती देऊ नये. अनेक वेळा दाबूनही पेडल मऊच राहिले, किंवा दाबून धरले असता हळूहळू खाली जाऊ लागले, तर नळीत हवा शिरली आहे किंवा कोठेतरी गळती आहे. अशी गाडी एक फूटही चालवू नये.

पेडल घट्ट झाल्यावर टाकीतील द्रवाची पातळी पाहावी आणि कमी असल्यास पुस्तिकेत सांगितलेल्या प्रतीचाच द्रव घालावा. बोलीत त्याला ब्रेक ऑइल म्हणत असले तरी ते इंजिनाचे तेल नव्हे. चुकीचे तेल घातल्यास यंत्रणेतील रबर फुगून निकामी होते. हा द्रव हवेतील ओलावा शोषून घेतो. डॉट ३ प्रतीचा कोरडा द्रव किमान २०५ अंश सेल्सियसपर्यंत उकळू नये अशी अपेक्षा असते. पाणी मुरलेल्या द्रवाच्या बाबतीत ही मर्यादा १४० अंशांपर्यंत खाली येते. म्हणून बाटली उघडी ठेवू नये आणि गाडीतील द्रव साधारण दोन वर्षांनी बदलून घ्यावा.

पहिली चाचणी रिकाम्या रस्त्यावर, चालण्याच्या वेगाने घ्यावी. नंतर ताशी ५० किलोमीटरांवरून २० पर्यंत मध्यम दाबाने, मध्ये थोडा अवकाश ठेवून, आठदहा वेळा वेग कमी करावा. त्यामुळे पट्टी आणि तबकडी यांचे पृष्ठभाग एकमेकांशी जुळतात. पहिले दोनतीनशे किलोमीटर करकचून ब्रेक लावणे शक्यतो टाळावे. म्हणजे प्रवासाच्या आदल्या रात्री पट्ट्या बदलून पहाटे घाटाकडे निघणे योग्य नव्हे. हे काम किमान एक आठवडा आधी उरकावे. पन्नासएक किलोमीटरांनंतर चाकांचे नट पुन्हा तपासावेत.

घरगुती कामाची मर्यादा

वर सांगितलेले काम साध्या रचनेच्या मोटारीसाठी आहे. मागील चाकांच्या ड्रममधील लायनर, म्हणजे घर्षणाचे आवरण, तपासण्यासाठी ड्रम काढावा लागतो. आतील स्प्रिंगा ताणलेल्या असतात व त्यांचा क्रम चुकण्याचा संभव असतो. म्हणून ते काम प्रशिक्षित माणसाकडून करवून घ्यावे. ज्या मोटारींचा हातब्रेक विजेवर चालतो, त्यांच्या मागील कॅलिपरला घरी हात लावू नये. एप्रिल २०१९ पासून भारतात विकल्या जाणाऱ्या नव्या मोटारींना चाके अडकून घसरू न देणारी एबीएस यंत्रणा सक्तीची झाली. तिच्यामुळे पट्ट्यांकडे लक्ष देण्याची गरज संपली असे नाही. ती दाबाचे नियमन करते. झिजलेल्या पट्टीला जाडी देत नाही.

पट्ट्या नव्या असल्या तरी उतारावर सर्व भार त्यांच्यावर टाकू नये. गाडी ज्या गिअरमध्ये घाट चढते, साधारणपणे त्याच गिअरमध्ये तो उतरावी, म्हणजे वेग आवरण्याचे पुष्कळसे काम इंजिन करते. इंधन वाचविण्यासाठी उतारावर इंजिन बंद करण्याची सवय विशेष घातक आहे, कारण पेडलला साहाय्य करणारी निर्वात यंत्रणा इंजिनावरच अवलंबून असते. २० नोव्हेंबर २०२२ रोजी रात्री पुण्याच्या नवले पुलाजवळ उतारावरून आलेल्या एका मालमोटारीने चाळीसहून अधिक वाहनांना धडक दिली. ब्रेक निकामी झाले असावेत, असा पहिला समज होता. पुढील पाहणीत चालकाने उतारावर इंजिन बंद ठेवल्याची बाब पुढे आली. मालमोटारीची ब्रेक यंत्रणा वेगळी असते, परंतु उताराचा नियम सर्व वाहनांना सारखाच लागू पडतो.

अखेरीस एका गोष्टीकडे लक्ष वेधणे आवश्यक आहे. भाड्याच्या वाहनाला ठराविक मुदतीने योग्यता प्रमाणपत्र घ्यावे लागते. खाजगी मोटारीची नोंदणी १९८८ च्या मोटार वाहन कायद्यानुसार पंधरा वर्षांसाठी असते आणि त्यानंतर तिचे नूतनीकरण करताना वाहनाची तपासणी होते. धुराच्या प्रमाणपत्रासाठी गाडी नियमाने केंद्रावर न्यावी लागते; ब्रेकच्या पट्ट्या किती उरल्या आहेत, हे मात्र तेथे पाहिले जात नाही. या पंधरा वर्षांत गुढियारीतील कुटुंबाची लहान मुले मोठी होतात आणि त्याच गाडीच्या मागील आसनावर बसून कितीतरी वेळा घाट उतरतात. त्या काळात पट्टीची जाडी मोजणारा तपासनीस एकच असतो, तो म्हणजे गाडीचा मालक. त्याने वर्षातून एकदा चाक उतरवून, ओल्या कापडाने धूळ पुसून, तीन मिलिमीटरांचा तो हिशेब स्वतःच्या डोळ्यांनी पाहावा आणि गाडीच्या वहीत तारखेसह लिहून ठेवावा. पुढील वर्षी तोच आकडा पाहिला की पट्टी किती झिजली आणि अजून किती टिकेल, याचा अंदाज त्याला स्वतःच करता येईल.